एक किलो गव्हाची दुसरी किंमत
इटलीतील शेतघरात भरणारे स्वयंपाकवर्ग

इटलीला जाणारा प्रवासी आता केवळ रोमचे जुने अवशेष आणि फ्लॉरेन्सची चित्रे पाहून परत फिरत नाही. एखादा दिवस तो शहराबाहेरच्या शेतघरात काढतो. तेथे ॲप्रन बांधून लाकडी फळीवर पीठ मळतो, लाटणे चालवतो आणि स्वतःच्या हाताने केलेला पास्ता दुपारी यजमानांच्या पंगतीला बसून खातो. या तीन-चार तासांचे तो आनंदाने पैसे मोजतो. आपल्या राज्यातूनही शेतकऱ्यांचे अभ्यास दौरे युरोपात जातात, कित्येकांची मुले-मुली नोकरीनिमित्त तिकडे आहेत. तेव्हा आपल्यापैकी काहींना असा वर्ग करण्याची संधी मिळू शकते. ज्यांना जायचे नाही त्यांनाही त्यातून घेण्यासारखे बरेच आहे.

प्रथम एक साधा हिशोब मांडू. माणशी १०० ग्रॅम मैदा आणि एक अंडे हे तिकडचे घरगुती प्रमाण आहे. म्हणजे दहा पाहुण्यांच्या वर्गाला एक किलो मैदा व दहा अंडी पुरतात. एक किलो मैद्यासाठी साधारण दीड किलोच्या आत गहू लागतो. एवढा गहू बाजारात विकून कोणत्याही देशातील शेतकऱ्याचे घर चालणार नाही. मग पाहुणे पैसे देतात ते कशाचे? त्या गव्हाचे काय करायचे हे ज्या हातांना ठाऊक आहे त्या हातांचे, आणि ते शिकवण्यात गेलेल्या वेळेचे. ही गोष्ट नीट उलगडून पाहावी हा या लेखाचा हेतू आहे.

शेतघरात पाहुणे कसे आले?

मध्य इटलीत, म्हणजे तोस्काना, उंब्रिया, मार्के आणि एमिलिया-रोमान्याच्या बऱ्याच भागात, शेकडो वर्षे 'मेत्साद्रिया' नावाची पद्धत होती. ती आपल्याकडील अर्धेलीसारखीच. जमीन व घर मालकाचे, कष्ट कुळाच्या साऱ्या कुटुंबाचे आणि उत्पन्नाची वाटणी निम्मी-निम्मी. कुटुंब शेतावरच्या दगडी घरात राही. पुरुषमंडळींचा कारभारी शेत पाही, तर घरातील कर्ती बाई चूल, कोंबड्या आणि परसबाग पाही.

दुसऱ्या महायुद्धानंतर उत्तरेकडील कारखान्यांत रोजगार मिळू लागला आणि तरुण माणसे गाव सोडून गेली. १९६४ च्या कायद्याने मेत्साद्रियाचे नवे करार बंद केले. १९८२ च्या कायद्याने राहिलेले करार खंडाच्या करारात बदलण्याची सोय केली. वाटेकरी या जाचातून सुटला हे चांगलेच झाले. परंतु दरम्यान हजारो शेतघरे ओस पडली. घराबरोबर स्वयंपाकाचे ज्ञानही जाऊ लागले. आजी हाताने पोळी लाटत असे, सुनेने शहरातील दुकानातून पुडा आणला आणि नातीला लाटणे धरताही येईना, अशी स्थिती अनेक घरांत आली.

याच काळात काही शेतकऱ्यांनी रिकाम्या खोल्या डागडुजी करून शहरातील माणसांना सुट्टीसाठी देण्यास सुरुवात केली. १९६५ मध्ये 'आग्रितुरिस्त' ही त्यांची पहिली राष्ट्रीय संघटना स्थापन झाली. १९८५ मध्ये देशाचा पहिला कृषि-पर्यटन कायदा झाला आणि २००६ मध्ये त्याची जागा नव्या कायद्याने घेतली. अशा शेतघराला तिकडे 'आग्रितुरिस्मो' म्हणतात. आज त्यांची संख्या २५ हजारांहून अधिक आहे.

या कायद्यातील एक तत्त्व आपण मुद्दाम लक्षात घ्यावे. आग्रितुरिस्मो चालवणारा मुळात शेतकरीच असला पाहिजे आणि त्याचा मुख्य धंदा शेतीच राहिली पाहिजे. पाहुणचार हा शेतीला जोड म्हणून करावयाचा. शेतीला किती वेळ जातो आणि पाहुण्यांना किती, यावरून हे ठरवतात. दहापर्यंत पाहुण्यांची राहण्या-जेवणाची सोय करणाऱ्याच्या बाबतीत शेतीच मुख्य आहे असे कायदा धरून चालतो. ताटात वाढलेल्या पदार्थांतही स्वतःच्या शेतातील व त्या भागातील मालाचा मोठा वाटा असावा लागतो. शहरातून माल आणून हॉटेल थाटायचे आणि दारावर शेतघराची पाटी लावायची, याला त्यामुळे आळा बसतो.

वर्गाचा दिवस

वर्ग सहसा सकाळी दहाच्या सुमारास किंवा दुपारी उशिरा भरतो. चांगला यजमान पाहुण्यांना आधी स्वयंपाकघरात न नेता शेतात नेतो. ऋतूप्रमाणे तेथे टोमॅटो, वांगी, लसूण, पालेभाज्या व तुळशीच्याच जातकुळीतील 'बाझिलिको' हा सुवासिक पाला असतो. लागेल तेवढी भाजी पाहुण्यांनीच खुडायची. खुराड्यातील अंडी गोळा करायची. ऑलिव्हची बाग असल्यास तेलाची ओळख करून देतात. ऑलिव्हची तोडणी साधारण ऑक्टोबर ते डिसेंबरमध्ये होते, म्हणून ताजे तेल चाखायचे असल्यास त्याच सुमारास जावे.

त्यानंतर हात धुऊन सर्वजण लांब लाकडी मेजाभोवती उभे राहतात. प्रत्येकापुढे स्वतंत्र फळी आणि मैद्याची ढिगली असते. शिकवणारी बाई एकदा करून दाखवते आणि मग बाजूला होते. तुम्हीच मळायचे, तुम्हीच लाटायचे, फाटले तर तुम्हीच गोळा करून पुन्हा मळायचे. यालाच हाताने करून शिकण्याचा वर्ग म्हणतात. नुसते खुर्चीवर बसून पाहणे हे प्रात्यक्षिक झाले. दोन्हींच्या किमतीत आणि समाधानात फरक आहे.

दोन गहू, दोन कणका

या वर्गात शेतकऱ्याने सर्वांत बारकाईने पाहावी अशी गोष्ट म्हणजे गहू. इटलीच्या उत्तरेकडील पो नदीच्या खोऱ्यात, ओलाव्याच्या व थंड हवेत, पूर्वीपासून मऊ गहू होतो. आपल्या चपातीचा शरबती गहू याच प्रकारातला. दक्षिणेकडील पुल्या आणि सिसिली हा कोरडा, उष्ण मुलूख. तेथे ड्युरम गहू पिकतो. हाच आपला बन्सी गहू. शास्त्रीयदृष्ट्या मऊ गव्हात गुणसूत्रांची संख्या ४२, तर ड्युरममध्ये २८ असते. ड्युरमचा दाणा कठीण, काचेसारखा चमकदार आणि आतून पिवळसर असतो. तो दळला की मैद्याऐवजी रवा पडतो. या पिवळ्या रव्याला इटलीत 'सेमोला' म्हणतात. हाताने मळण्यासाठी तो दुसऱ्यांदा बारीक दळून घेतात.

जमिनीतला हा फरक थेट ताटापर्यंत पोहोचला आहे. उत्तरेत मऊ गव्हाचा '००' प्रतीचा, अतिशय तलम मैदा आणि अंडे यांचा ताजा पास्ता करतात. दक्षिणेत ड्युरमचा रवा व नुसते पाणी वापरतात. मऊ गव्हाची कणीक लवचिक असते, ओढली की पुन्हा आखडते. अंड्यातील बलक व पांढऱ्याने तिला रंग, चव आणि बळकटी मिळते, त्यामुळे ती कागदासारखी पातळ लाटता येते. ड्युरमची कणीक चिवट असूनही कमी आखडते. अंगठ्याने दाबून दिलेला आकार ती धरून ठेवते आणि वाळल्यावर उकळत्या पाण्यातही विरघळत नाही. म्हणूनच दुकानात मिळणारा वाळवलेला पास्ता ड्युरमच्या रव्याचाच असला पाहिजे, असा कायदा इटलीने १९६७ मध्ये केला. आज त्याच्या जागी २००१ चे नियम आहेत. मूळ अट मात्र कायम आहे.

अंड्याचा पास्ता : कृती

साहित्य (चार माणसांसाठी) : मैदा ४०० ग्रॅम, अंडी ४.

१) लाकडी फळीवर मैद्याची ढीग करून मध्ये खोल आळे करावे. झाडाला पाणी देण्यासाठी करतो तसेच, बांध सगळीकडून सारखा असावा. बांध फुटला की अंडे फळीवरून वाहून जाते. नवशिक्याची पहिली फजिती येथेच होते.

२) आळ्यात अंडी फोडून काट्याने हलके फेटावीत व आतल्या कडेचा मैदा थोडा-थोडा ओढून घ्यावा. मिश्रण घट्ट झाल्यावर हाताने गोळा करावा.

३) तळहाताच्या टाचेने दहा ते पंधरा मिनिटे मळावे. गोळा गुळगुळीत व्हावा आणि बोटाने दाबल्यास खळगा हळूहळू भरून यावा. कणीक कोरडी वाटली म्हणून लगेच पाणी घालू नये. मळता-मळता ओलावा सगळीकडे पोहोचतो. हवेतील दमटपणा व अंड्याचा आकार यांनुसार मैदा थोडा कमी-अधिक लागतो.

४) गोळा झाकून अर्धा तास ठेवावा. या विश्रांतीत कणकेचा ताण जातो. हा अर्धा तास वाचवला की पोळी लाटताना सारखी आखडते.

५) लाटण्यासाठी 'मात्तारेल्लो' नावाचे हातभर किंवा त्याहून लांब, सरळ लाटणे वापरतात. मध्यापासून बाहेर, पोळी सतत फिरवत लाटावी. पोळीची एक बाजू फळीच्या कडेवरून खाली लोंबू द्यावी, म्हणजे ती स्वतःच्या वजनानेही ताणली जाते. एक मिलिमीटरहून पातळ व्हावी. लाकडाच्या खरखरीतपणामुळे पोळीचा पृष्ठभाग किंचित खडबडीत होतो आणि त्यावर रस चांगला धरतो. म्हणून संगमरवरी ओट्यापेक्षा लाकूड पसंत करतात.

६) पोळी काही मिनिटे सुकू द्यावी, सैल घड्या घालून सुरीने पट्ट्या कापाव्यात आणि लगेच मोकळ्या कराव्यात.

या पट्ट्यांना 'ताल्यातेल्ले' म्हणतात. बोलोन्या शहरात त्यांच्याविषयी इतका अभिमान आहे, की १९७२ मध्ये तेथील व्यापारी मंडळात सोन्याची एक पट्टी नमुना म्हणून जमा करण्यात आली. शिजल्यावर रुंदी आठ मिलिमीटर भरावी, असे प्रमाण ठरले आहे.

शिजवण्याचे सूत्र लक्षात ठेवण्यास सोपे आहे : १०० ग्रॅम पास्त्याला एक लिटर पाणी व दहा ग्रॅम मीठ. पाणी खळखळून उकळल्यावरच पास्ता सोडावा. ताज्या ताल्यातेल्लेला दोन-तीन मिनिटे पुरतात. वाळवलेल्या पास्त्याला अधिक वेळ लागतो. तो दाताला किंचित लागेल इतपतच शिजवावा, गाळ होऊ देऊ नये. शिजवलेले थोडे पाणी ओतून न देता बाजूला काढावे. त्यातील पिठामुळे रस मिळून येतो.

बिनअंड्याचा पास्ता

पुल्या प्रांतातील 'ओरेक्येत्ते' म्हणजे छोटे कान. बारी शहराच्या जुन्या भागात बायका आजही दारात मेज टाकून ते करत बसलेल्या दिसतात. १०० ग्रॅम बारीक सेमोल्याला साधारण ५० मिलिलिटर कोमट पाणी घालून घट्ट कणीक मळतात व झाकून ठेवतात. नंतर बोटाएवढी वळी करून तिचे लहान तुकडे पाडतात. प्रत्येक तुकडा बोथट सुरीने फळीवर आपल्याकडे ओढायचा, म्हणजे तो वाकतो. मग अंगठ्यावर उलटवायचा, की वाटीसारखा कान तयार होतो. सराव झालेल्या बाईच्या हातून ते भराभर पडतात. नवशिक्याला पहिले वीस-पंचवीस तरी वाया घालवावेच लागतात.

हिवाळ्यात हे कान मोहरी-सलगमच्या कुळातील एका पालेभाजीबरोबर खातात. पाला व पास्ता एकाच पाण्यात शिजवून लसूण घातलेल्या ऑलिव्ह तेलात परततात. शेतात जे उभे आहे तेच ताटात. उन्हाळ्यात हीच जागा टोमॅटो घेतो. पिकलेले टोमॅटो, लसूण, तेल, मीठ आणि शेवटी बाझिलिकोची पाने, एवढाच त्याचा रस. मसाल्यांची सवय असलेल्या आपल्या जिभेला तो प्रथम फिका वाटेल. परंतु जिन्नस मोजकेच असले, की मालाचा दर्जा झाकता येत नाही. कच्चा, पाणचट टोमॅटो येथे लगेच उघडा पडतो. अशा ताटासाठी शेतकऱ्याला चवीची जात लावावी लागते आणि तशी लावल्याचा मोबदलाही त्याला तेथेच मिळतो.

खपलीची ओळख तिकडेही

तोस्कानाच्या उत्तरेस लुक्का जिल्ह्यात गार्फान्याना नावाचा डोंगराळ भाग आहे. तेथे 'फार्रो' नावाचे धान्य पिकते. हे दुसरेतिसरे काही नसून आपला खपली गहू आहे. दाण्यावर टरफल घट्ट चिकटलेले, म्हणून सडावे लागते. उत्पन्न इतर गव्हांपेक्षा कमी आणि जमीन हलकी चालते. डोंगराच्या हलक्या जमिनीत टिकलेल्या या पिकाला १९९६ मध्ये युरोपीय संघाचे भौगोलिक नावाचे संरक्षण मिळाले. घेवड्याच्या दाण्यांबरोबर केलेले फार्रोचे दाट सूप हा त्या भागाचा खास पदार्थ.

आपल्या सांगली, सातारा, कोल्हापूर भागात खपलीची खीर आणि पुरणपोळी पिढ्यान्पिढ्या होते. पदार्थाचे, धान्याचे आणि गावाचे नाव एकत्र जोडून ग्राहकासमोर ठेवणे, हे काम गार्फान्यानाच्या शेतकऱ्यांनी नेटाने केले.

सरगुंडे आणि बुझियाते

सिसिलीच्या त्रापानी भागात 'बुझियाते' नावाचा पास्ता करतात. कणकेची वळी एका प्रकारच्या गवताच्या काडीभोवती गुंडाळायची आणि काडी अलगद काढून घ्यायची. मळसूत्रासारखा पोकळ आकार मागे राहतो. कालाब्रियात यासाठी लोखंडाची बारीक सळई वापरतात. विदर्भातील कोणाही गृहिणीने हे पाहिले तर ती म्हणेल, 'अहो, ही तर आमची सरगुंडी!' काडीवर कणीक गुंडाळून, वाळवून, उन्हाळ्यात आमरसाबरोबर खाण्याची रीत आपल्याकडे जुनीच आहे. लग्नघरी होणारे गव्हले, नखुले, मालत्या, बोटवे यांतही तेच कसब आहे. पाटावरच्या शेवयांबद्दल तर सांगायलाच नको. नेपल्सजवळच्या ग्रान्यानो गावात यंत्रे येण्यापूर्वी पास्ता उघड्यावर काठ्यांवर वाळत असे. आपल्या अंगणातील वाळवण डोळ्यांपुढे आणले की ते दृश्य सहज कळते.

दोन्हीकडे गहू, हात व उन्हाळा सारखाच आहे. फरक पडला तो पुढे. तिकडे ज्या बायका हे जाणत होत्या त्यांना कोणीतरी विचारले, 'आम्हाला शिकवाल का?' आणि त्या शिकवण्याला मोल आले. एमिलिया-रोमान्यात पोळी लाटण्यात तरबेज असलेल्या बाईला 'स्फोलीना' म्हणतात. हा आता मानाचा व कमाईचा व्यवसाय आहे. फोर्लिम्पोपोली या गावी २००७ मध्ये 'कासा आर्तुसी' ही घरगुती स्वयंपाकाला वाहिलेली संस्था सुरू झाली. पेल्लेग्रिनो आर्तुसी यांनी १८९१ मध्ये प्रसिद्ध केलेले पाकशास्त्राचे पुस्तक इटलीच्या घराघरांत गेले. ते त्या गावचे. मात्र संस्थेत शिकवण्यास मदत करणाऱ्या स्वयंसेविकांना 'मारियेत्ते' म्हणतात. हे नाव आर्तुसींच्या घरी स्वयंपाक करणाऱ्या मारियेत्ता या बाईंवरून घेतले आहे. लिहिणाऱ्याबरोबर करणाऱ्या हाताचीही आठवण ठेवली गेली, हे विशेष.

आपल्याकडे ज्या आजीबाईंना सरगुंडी, मांडे किंवा पाटावरच्या शेवया येतात त्यांचे वय आज काय आहे, हे प्रत्येकाने आपल्याच गावात पाहावे. बियाणे एक हंगाम पेरले नाही तरी कणगीत राहते. हाताचे कसब एक पिढी वापरले नाही तर ते कोठेच राहत नाही.

वर्ग निवडताना घ्यावयाची काळजी

१) वर्ग हाताने करण्याचा आहे की केवळ पाहण्याचा, हे आधी विचारावे. एका वेळी किती माणसे असतात तेही विचारावे. आठ-दहा जणांच्या वर्गात शिकवणारीचे प्रत्येकाकडे लक्ष राहते.

२) आपण शाकाहारी असल्यास नोंदणी करतानाच स्पष्ट कळवावे. उत्तरेकडील ताज्या पास्त्यात अंडे असते आणि बोलोन्याच्या प्रसिद्ध 'रागू' रसात गोमांस व डुकराचे मांस असते. पार्मिजानो रेज्जानो या चीजसाठी वासराच्या जठरातील रेनेट वापरतात, म्हणून कडक शाकाहारींना ते चालत नाही. अंडे वर्ज्य असलेल्यांनी दक्षिणेकडील रवा-पाण्याचा पास्ता शिकवणारा वर्ग निवडावा.

३) शेतघर गावापासून दूर असते. बस तेथपर्यंत जाईलच असे नाही. जाण्या-येण्याची सोय आधी ठरवावी.

४) मुक्कामाची सोय असलेल्या शेतघरांसाठी २०१३ पासून सूर्यफुलांची प्रतवारी ठरवून दिली आहे. एक ते पाच सूर्यफुले असतात. त्यावरून सोयींचा अंदाज येतो, स्वयंपाकाच्या शिकवणीचा मात्र येत नाही.

५) शेतकरी म्हणून काही प्रश्न जरूर विचारावेत : गव्हाची जात कोणती, दळण कोठे होते, पाहुण्यांचे काम वर्षातून किती दिवस चालते, पेरणी-कापणीच्या दिवसांत वर्ग बंद ठेवता काय, शिकवणाऱ्या बाईंचा मोबदला कोणाच्या हाती जातो? आपण शेतकरी आहोत हे कळल्यावर यजमान बहुधा मोकळेपणाने बोलतात.

आपल्याकडे काय करता येईल?

महाराष्ट्र शासनाने २०२० मध्ये कृषि पर्यटन धोरण जाहीर केले असून पर्यटन संचालनालयाकडे केंद्राची नोंदणी करता येते. अनेक केंद्रांवर हुरडा, भाकरी-पिठले, बैलगाडी असा कार्यक्रम असतो. तो चांगलाच आहे. परंतु पाहुणा तेथे खाऊन परत जातो, करून जात नाही. त्यात पुढीलप्रमाणे सुधारणा करता येईल.

* हुरड्याची कणसे पाहुण्यांनाच खुडू द्यावीत, आगटीत भाजू द्यावीत व हातावर चोळू द्यावीत. ज्वारीची जात कोणती आणि तिचा हुरडा गोड का लागतो, हे दोन वाक्यांत सांगावे.

* भाकरी थापणे, शेवया वळणे, सरगुंडी, पुरणपोळी किंवा खापरावरचे मांडे यांपैकी आपल्या घरात जे उत्तम होते असा एकच पदार्थ निवडावा. पाच पदार्थ दाखवण्यापेक्षा एक पदार्थ शिकवावा.

* दहापेक्षा अधिक माणसे एका वर्गाला घेऊ नयेत. प्रत्येकाला स्वतंत्र पाट व लाटणे द्यावे. हात धुण्याची सोय, पिण्याचे स्वच्छ पाणी व झाकलेला कचरा याबाबत तडजोड करू नये. अन्न सुरक्षा कायद्याखालील नोंदणी करून घ्यावी.

* शिकवणारी घरातील किंवा गावातील स्त्री असेल, तर शिकवण्याचा मोबदला स्वतंत्र ठरवून तिच्या हाती किंवा तिच्या खात्यात द्यावा. 'घरचेच काम' म्हणून तो हिशोबात न धरणे योग्य नाही. वर्गात विकले जाते ते तिचेच कसब आहे.

* निघताना पाहुण्याला ज्या धान्याचा पदार्थ केला त्याच धान्याचा रवा किंवा पीठ विकत घेण्याची सोय ठेवावी. हाताने करून पाहिलेल्या वस्तूला ग्राहक भावासाठी फारशी घासाघीस करत नाही.

गव्हाबाबत एक सूचना. शेवया, कुरडया व रव्यासाठी बन्सी गहू पिकवायचा असेल तर तो इतर गव्हात मिसळू देऊ नये. पेरणी, मळणी व साठवण वेगळी ठेवावी. ड्युरमला नत्र कमी पडल्यास चमकदार दाण्यावर पांढरट, मऊ डाग पडतात, प्रथिने घटतात आणि रवा कमी निघतो. म्हणून शिफारशीप्रमाणे नत्राची मात्रा विभागून वेळेवर द्यावी. पीक पक्व झाल्यावर पावसात भिजल्यासही दाण्याची चमक जाते, म्हणून कापणी लांबवू नये. निफाडच्या गहू संशोधन केंद्राचे पंचवटी (एनआयडीडब्ल्यू-१५) व गोदावरी (एनआयडीडब्ल्यू-२९५) हे बन्सी प्रकारातील वाण आहेत. आपल्या जमिनीस व पाण्याच्या सोयीस कोणता योग्य, याबद्दल जवळच्या कृषि विज्ञान केंद्राचा सल्ला घ्यावा.

शेवटी एक इशारा देणे आवश्यक आहे. पाहुण्यांच्या पैशाकडे पाहून शेत पडीक टाकू नये. इटलीच्या कायद्याने शेती मुख्य व पाहुणचार जोड असा क्रम लावला आहे, तो सर्व बाजूंनी विचार करून लावला आहे. पाहुणा येतो तो उभ्या पिकासाठी, परसातल्या भाजीसाठी आणि ज्यांनी ती पिकवली त्यांच्या हातचे खाण्यासाठी. शेत गेले तर उरते ते फक्त एक हॉटेल, आणि हॉटेले शहरात भरपूर आहेत.

येत्या उन्हाळ्यात वाळवणाचे दिवस आले, की शेजारच्या आजींच्या पाटाशेजारी घरातील मुला-मुलींना बसवावे. पहिली शेवई तुटेल, दुसरीही तुटेल. तरीही त्यांना करू द्यावे. इटलीतील शेतघराने पाहुण्यांसाठी जे उघडले, त्याची सुरुवात आपल्या घरातूनच करता येते आणि त्यासाठी परदेशी जावे लागत नाही.